दिंडोशीच्या मादीचं वजन

हेमांगी टपके कांदिवलीला ज्या इमारतीत राहते तिथे लोक तिला कुत्र्यामांजरांची डॉक्टर समजतात. लिफ्टमध्ये कुणी बोक्याच्या कानाबद्दल विचारतं, कुणी पोपटाच्या पिसांबद्दल. ती उत्तर देते आणि चौथ्या मजल्यावर उतरते. सकाळी साडेसातला स्कूटर काढून ती बोरिवलीच्या जंगलाला लागून असलेल्या एका बचाव केंद्रावर जाते आणि दिवसभर बिबट्यांचे दात, पंजे, जखमा बघते, हे तिने आपणहून कुणाला सांगितलेलं नाही. "सांगून काय करू? रविवारी पोरांना घेऊन सेल्फी काढायला येतील," असं ती मला एकदा म्हणाली.

तिची माझी ओळख भांडणातून झाली. ते पुढे येईल.

हेमांगी वेसाव्याची. वडील होडीवर होते, ते गेले. आई द्रौपदी सदुसष्ट वर्षांची आहे आणि अजून अंधेरीच्या बाजारात पाटी घेऊन बसते. मुलगी डॉक्टर झाली, आता घरी बसा, असं म्हणणाऱ्याला द्रौपदीबाई "तू येतंस का घरी, माज्याशी बोलाला?" असं विचारतात. मग पुन्हा कुणी म्हणत नाही.

या बाजारात पूर्वी काटा नव्हता. लहान मासळी वाट्यावर, मोठी नगावर. हातात घेतली, फिरवली, भाव सांगितला. पुढे टॉवरमधली गिऱ्हाइकं आली, त्यांना किलोचा भाव हवा होता, म्हणून द्रौपदीबाईंनी इलेक्ट्रॉनिक काटा घेतला. पण त्या अजूनही मासा काट्यावर ठेवायच्या आधी वजन सांगतात आणि मग ठेवतात. गिऱ्हाईक काट्याकडे बघतं, मग त्यांच्याकडे. त्यांना तेवढंच हवं असतं.

हेमांगी शाळेत असताना सुट्टीच्या दिवशी आईशेजारी बसायची. आईने मासा दाखवायचा, हिने वजन सांगायचं. चुकली तर खवली काढायची. दहाव्या वर्षापर्यंत तिने खूप खवली काढली, बाराव्या वर्षानंतर फारशी नाही. कधी डोळा आणि काटा यांचं जुळलं नाही तर द्रौपदीबाई आधी काटा धुवायच्या. तबकडीखाली बर्फाचा तुकडा नाहीतर खवलं अडकलेलं असायचं. तबकडी काढून पाण्याने धुवायची, पुसायची, मासा पुन्हा ठेवायचा. दहातल्या नऊ वेळा डोळाच बरोबर निघायचा.

या नऊ वेळांनी हेमांगीची पुढे वाट लावली.

शिक्षण तिने कसं पूर्ण केलं त्याची वेगळी गोष्ट होईल, ती इथे नको. सांगण्यासारखं एवढंच की बिबट्याच्या कामात तिला आईची नजर उपयोगी पडली. भुलीचं औषध वजनावर ठरतं. कमी पडलं तर जनावर अर्ध्या झोपेतून उठतं आणि समोर असेल त्याला धरतं. जास्त झालं तर श्वास मंदावतो, अंग गार पडतं. आणि बिबट्याला, बाबा, आधी काट्यावर उभा राहा, असं सांगता येत नाही. लांबून, जाळीतून, झुडपातून जेवढा दिसेल तेवढ्यावर डॉक्टर अंदाज बांधतात. झोपलेलं जनावर केंद्रावर आणलं की मग खरं वजन होतं. बाकीच्यांचा अंदाज चार-पाच किलो इकडेतिकडे होतो आणि त्यात कुणाला काही वाटत नाही. हेमांगीचा एका किलोच्या आत असायचा. चौदा वर्षं.

केंद्रावर तिच्याबरोबर नंदू काम करतो. तो जंगलातल्याच पाड्यावरचा, पन्नाशीचा, पिंजऱ्यांची सगळी व्यवस्था त्याच्याकडे. तो प्रत्येक वेळी काटा वाचायच्या आधी तिचा आकडा मोठ्याने म्हणायचा, मग काट्याचा. बरोबर आला की "डॉक्टरीणबाई नाय, काटाच हाय हा," असं म्हणून हसायचा. नवीन आलेल्या शिकाऊ डॉक्टरांना हा किस्सा चहाबरोबर मिळायचा. हेमांगी तेव्हा दुसरीकडे बघायची, पण तिला ते आवडायचं. तसं तिने स्वतः मला सांगितलं.

आता दिंडोशी.

आमची गिरिकुंज सोसायटी डोंगराला चिकटून आहे. मागची भिंत संपली की खडक, झाडी, आणि वर जंगल. गेल्या वर्षी दिवाळीनंतर तिथे बिबट्या दिसायला लागला. आधी कॅमेऱ्यात, मग भिंतीवर. दोन कुत्री गेली. मग वॉचमन कचऱ्याच्या डब्यापाशी गेला आणि त्याच्या दंडावर पंजा बसला, सात टाके. त्यानंतर सोसायटीने पत्र दिलं: हे जनावर पकडावं आणि पुन्हा या भागात सोडू नये. खाली तीनशे चाळीस सह्या होत्या. पत्राची भाषा माझी होती, सचिव म्हणून सही माझी होती, आणि सह्या मी दारोदार फिरून घेतल्या होत्या. भाषा कडक होती. मला पत्रं लिहायला कुणी शिकवलं नाही. दहा ठिकाणी दुर्लक्ष झाल्यावर अकराव्याला जी भाषा येते ती मला येते.

डिसेंबरातल्या एका मंगळवारी सकाळी वॉचमन पाण्याचा पंप सुरू करायला गेला तर पंपाच्या खोलीत बिबट्या. त्याने दार बाहेरून ओढून कडी लावली आणि ओरडत सुटला. अर्ध्या तासात सगळी सोसायटी गोळा झाली. शेजारच्या दोन सोसायट्याही.

वनखात्याची गाडी आली. परिक्षेत्राचे अधिकारी राजेश सर, नंदू, आणि फिकट हिरव्या शर्टातली एक सावळी, किरकोळ अंगाची बाई. मी पुढे झाले.

"किती वेळ लागेल, मॅडम?"

"तुम्ही आवाज बंद केलात तर अर्धा तास."

"आवाज माझा नाही. तीनशे माणसांचा आहे."

"मग तीनशे माणसांना सांगा ना. तुमचं ऐकतात म्हणे."

माझं टाळकं सरकलं. पण मी वळून लोकांना गप्प केलं, कारण ऐकतात हे खरं होतं.

पंपाच्या खोलीच्या दारावर हवेसाठी जाळी आहे. हेमांगी शिडीवर चढली आणि जाळीतून आत बघत राहिली. चार मिनिटं तरी. आत पंपाच्या मागे मादी दबून बसली होती, पोट जमिनीला, केस फुललेले, तोंड दाराकडे. हेमांगी खाली उतरली आणि नंदूला म्हणाली, "बेचाळीस."

नंदूने बेचाळीस किलोच्या हिशेबाने औषध भरलं. तिने जाळीतून फुंकनळी लावली, एक फुंक मारली आणि डार्ट मांडीत बसला. सगळं इतकं शांतपणे झालं की मागच्या लोकांना कळलंही नाही. दहा मिनिटांनी मादीला ताडपत्रीवर घेऊन बाहेर आणलं. तोंडावर फडकं होतं. आमच्याकडच्या बायका तिच्या पायांकडे बघत होत्या. एवढे मोठे पंजे इतके ढिले पडलेले कुणी बघितले नव्हते. गाडी गेली. मी घरी येऊन चहा केला. माझ्या मते काम झालं होतं.

यापुढचं बरंचसं मला नंतर नंदूकडून आणि हेमांगीकडून कळलं.

केंद्रावर पोचेपर्यंत मादीचा श्वास मंदावला होता. मिनिटाला सहा, मग पाच. अंग गार. पंपाच्या खोलीत पाणी साचलेलं होतं, त्यात ती भिजली होती. हेमांगीला वाटलं त्याचाच परिणाम आहे. तपासणीचा एक क्रम असतो: दात, डोळे, पंजे, जखमा, शेवटी पोट. त्यातले दात आणि डोळे झाले आणि पुढचा सगळा वेळ तिला जगवण्यात गेला. गरम पाण्याच्या पिशव्या, घोंगड्या, भूल उतरवणारं औषध. पोटाखाली चिखल आणि पंपाचं ऑइल माखलेलं होतं, ते पुसायला कुणाला फुरसत नव्हती. मधेच दोघांनी तिला उचलून जमिनीवरच्या मोठ्या काट्यावर ठेवलं.

नंदू म्हणाला, "बेचाळीस." मग काट्याकडे बघून थांबला. "पस्तीस."

"खाली खडा अडकला असेल," हेमांगी म्हणाली. "मागे एकदा झालं होतं ना."

"परत ठेवायची?"

"श्वास बघ तिचा. उचल, आत घे. बेचाळीस लिही."

नंदूने बेचाळीस लिहिलं. फॉर्मवर पोटाच्या रकान्यात आडवी रेघ आली, म्हणजे तपासलं नाही. मादी दुपारी उठून बसली. नेहमीपेक्षा दुप्पट वेळ लागला होता. राजेश सरांनी विचारलं, "प्रवास झेपेल?" हेमांगी म्हणाली, "दोन दिवस द्या." आमच्या पत्रावर वरून आदेश आला होता: शुक्रवारी सकाळी मादीला गाडीने लांबच्या जंगलात न्यायचं. बेचाळीस किलोची तब्येतीची मादी, कुठेही जगेल.

बुधवारी तिने मटणाला तोंड लावलं नाही. पाणी मात्र दोन बादल्या प्यायली. पिंजऱ्याच्या एकाच कोपऱ्यात, दिंडोशीच्या बाजूला तोंड करून, ती सतत बारीक आवाज काढत होती. नंदूने ते हेमांगीला सांगितलं. ती म्हणाली, नवीन जागा आहे, खाईल.

गुरुवारी बाजार थंड असतो. निम्मी गिऱ्हाइकं गुरुवार पाळतात, मासे खात नाहीत. म्हणून हेमांगी कामावर जायच्या आधी दर गुरुवारी आईकडे जाते. दोघी टोपल्यांच्या मागे बसून चहा पितात. त्या गुरुवारी तिने चहा अर्धाच प्यायला.

"तोंड कशाला पाडलंस गो?"

"काही नाही आये. केंद्रावरचा काटा बिघडलाय. सात किलोचा फरक दाखवतो."

"सात? धुतलास काटा?"

"बिबट्या होता त्याच्यावर, पापलेट नव्हतं."

"मी इचारतंय, धुतलास का. परत ठेवलास का."

द्रौपदीबाईंनी चहाचा ग्लास खाली ठेवला.

"बगितलास कुठून तिला?"

"वरून. जाळीतून. पोट टेकून बसली होती. डोकं, खांदे, लांबी, सगळं बेचाळीसचं होतं आये. मी चौदा वर्षं बघतेय."

"डोका बेचाळीसचा," द्रौपदीबाई म्हणाल्या, "आन पोट?"

मग द्रौपदीबाईंनी पाटीतल्या बर्फाकडे बोट केलं. बर्फात बोय जातीची एक मासळी पाठ वर करून रोवलेली होती. "ही सांग कवरी."

"सव्वा किलो."

द्रौपदीबाईंनी बोय उपसून काट्यावर टाकली. एक किलो, वर थोडे ग्रॅम. हेमांगीचा हात सवयीने तबकडीकडे गेला. आईने तिला ती काढू दिली. खाली काही नव्हतं. धुतली, पुसली, बोय पुन्हा ठेवली. वजन तेवढंच.

मग त्यांनी बोय उलटी केली. पोट खपाटीला गेलेलं, कातडी सैल. "अंडी टाकून आयलीय ही. डोका तोच, लांबी तीच, आतून रिकामी. बर्फात उभी केली तर मना पण फसवते, म्हणून मी हातात घेतंय." त्यांनी बोय परत पाटीत टाकली. "बाईचा पण तसाच. तू अंगावर पित होतीस तवा माझी निस्ती हाडा राहिलेली. तुझा बापूस बोलायचा, वारा आयला तर उडशील."

हेमांगी उठली. चहाचे पैसे द्यायचे राहिले, ते द्रौपदीबाईंनी दिले आणि अजून त्यावरून बोलतात.

केंद्रावर आल्यावर ती आधी पिंजऱ्याकडे गेली नाही. काट्याकडे गेली. नंदूला बोलावून दोघांनी काट्याचा पत्रा उचलला, खालून झाडलं, धुतलं. खडा नव्हता, काही नव्हतं.

"नंदू, उभा राहा याच्यावर."

नंदू उभा राहिला. अठ्ठावन्न.

"तुझं वजन किती?"

"गेल्या सोमवारी दवाखान्यात केलं. अठ्ठावन्न."

हेमांगीने मादीला दाबपिंजऱ्यात घेतलं. त्याची एक भिंत सरकते, जनावर हळूहळू गजांना टेकतं आणि भूल न देता तपासता येतं. ऑइल वाळून खरपुडी झाली होती. हेमांगीने ओल्या फडक्याने पुसली आणि गजांमधून दोन बोटं घालून आचळ दाबलं. दूध आलं.

मंगळवारी सकाळी आठला पकडली. आता गुरुवार, साडेअकरा. कुठेतरी डोंगरात पिल्लं होती आणि त्यांच्या पोटात दोन दिवसांहून जास्त वेळ काही नव्हतं. शुक्रवारी सकाळी आई लांबच्या जंगलात जाणार होती. मग पिल्लं मेली असती. माणसाने शोधून उचलली आणि बाटलीवर वाढवली तर ती जगतात, पण पिंजऱ्यातच. आयुष्यभर. शिकार त्यांना शिकवणार कोण?

नंदू लगेच जंगलाच्या बाजूने एकटाच दिंडोशीच्या डोंगरावर गेला. हेमांगी राजेश सरांकडे गेली.

राजेश सर माणूस वाईट नाही. निवृत्तीला चार वर्षं उरलेला माणूस जसा असतो तसा आहे. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "आदेश फिरवायला मला दोन कागद लागतील. एक, तुझा सुधारित अहवाल. दोन, त्या सोसायटीचं पत्र, की इथेच सोडायला आमची हरकत नाही. ते कसं मिळणार, तूच बघ. त्यांची ती सेक्रेटरी बाई फार तापट आहे."

"अहवाल आत्ता लिहून देते."

"थांब. वजन बदलायचं तर कारण लागेल. लिही, काटा नादुरुस्त होता. नवीन काट्याची मागणीही त्यात घालू. विषय संपला."

"काटा बरोबर होता, सर."

"अगं, काट्याला कोण विचारतंय?"

"उद्या कुणीतरी त्याच काट्यावर दुसरं जनावर ठेवणार आणि त्याचाही आकडा खोटा धरणार. मी धरला तसा. डोसही माझ्या आकड्यावर गेला होता. ती मरता मरता वाचली, तीही माझ्यामुळेच."

"हे लिहिलंस तर चौकशी लागेल. डार्ट हातातून जाईल. चौदा वर्षांचं नाव आहे तुझं."

तिने अहवाल उभ्यानेच लिहिला. मी त्याची प्रत नंतर माहितीच्या अधिकारात काढली. पाच ओळींचा आहे. "वजन काट्यावर पस्तीस आले होते. मी डोळ्याच्या अंदाजाने बेचाळीस लिहायला सांगितले. काटा तपासला, बरोबर आहे. औषधाची मात्रा त्यामुळे जास्त झाली व पोटाची तपासणी राहिली. मादी दूध पाजणारी आहे." खाली सही.

दुपारी तीनला तिने माझी बेल वाजवली. मी तांदूळ निवडत होते. आत या म्हटलं, कारण दारात भांडायची माझी पद्धत नाही.

"जयाताई, आधी हे सांगते की चूक माझी आहे," ती म्हणाली आणि सगळं सांगितलं. आत्ता मी सांगितलं ते सगळं, आईच्या बोयसकट. मग म्हणाली, "नंदूचा फोन आला होता. तुमच्या मागच्या खडकाच्या कपारीपाशी दोन पिल्लांची पावलं आहेत. तो आत गेला नाही. माणसाचा वास नको."

"म्हणजे चूक तुमची आणि सही माझी?"

"हो."

असं सरळ हो म्हणणारं सरकारी माणूस मी त्याआधी बघितलं नव्हतं. त्याने राग कमी झाला असं नाही, वाढला. मी म्हटलं, वॉचमनचा दंड फाटला तेव्हा तुम्ही कुठे होता. मी म्हटलं, तीनशे चाळीस लोकांनी माझ्यावर विश्वास ठेवून सह्या केल्यात. आणखीही बरंच म्हटलं. ती हातात माझ्या तांदळाचं ताट घेऊन खडे वेचत बसली.

शेवटी मी विचारलं, "सोडली आणि उद्या कुणाला काही झालं तर?"

"होणारच नाही असं मी लिहून देत नाही. पण तिला नेलं तर जागा रिकामी राहत नाही, ताई. दुसरा येतो. नवीन, तरणा, तुम्हाला न ओळखणारा. ही दोन वर्षं तुमच्या मागे राहतेय. आमच्या जंगलातल्या कॅमेऱ्यात आहे ती. तुम्हाला कळलं कधी? दिवाळीनंतर. पिल्लं झाली, त्यांना सोडून लांब जाता येईना, तेव्हा."

"आणि कचऱ्याचा डबा भिंतीला लावून ठेवलाय, त्यावर कुत्री येतात, म्हणून ही येते, असंच ना?"

"ते तुम्हीच बोललात."

डबा तिथे लावायचा निर्णयही माझाच होता.

"लोकांना पिल्लांचं सांगू?"

"आज नको. पन्नास जण मोबाईल घेऊन कपारीत शिरतील. उद्या सांगा."

कमिटीची बैठक बोलवायला वेळ नव्हता, आणि बोलावली असती तर काय झालं असतं ते मला ठाऊक होतं. लेटरहेड माझ्याकडे होतं, शिक्का माझ्याकडे होता. मी पत्र लिहिलं. या वेळी भाषा कडक नव्हती. हे मी कुणाला न विचारता केलं, आणि सध्या मी सचिव नाही.

संध्याकाळी साडेसहाला मागचं फाटक बंद करून पाइपचं काम आहे असं लोकांना सांगितलं. गाडी भिंतीच्या पलीकडच्या कच्च्या रस्त्याने आली. राजेश सर, नंदू, हेमांगी आणि मी, एवढेच. मला गाडीत काच लावून बसवलं होतं. नंदूने दोरीने पेटीचं दार वर ओढलं.

मादी बाहेर आली नाही. आत अंधारात बसून राहिली. तीनेक मिनिटं कुणी हललं नाही. वर आमच्या बी विंगमध्ये कुणाच्या तरी कुकरची शिटी झाली. मग ती उतरली, जमीन हुंगली आणि खडकाकडे चालत गेली. पळाली नाही, चालत गेली. दिव्याच्या उजेडात तिच्या कुशीची हाडं मला मोजता आली असती. मंगळवारी ती माझ्याही डोळ्यांना केवढी मोठी दिसली होती.

चौकशी लागली. सहा महिने हेमांगीच्या हातात फुंकनळी नव्हती. ठाण्याहून दुसरे डॉक्टर यायचे, ती त्यांच्या मागे उभी राहून नोंदी करायची. ते अंदाज विचारायचे. ती म्हणायची, "तुम्ही सांगा, सर." केंद्रावरच्या वहीत बेचाळीसवर एक रेघ आहे आणि शेजारी पस्तीस. नवीन शिकाऊ डॉक्टरांना आता ते पान दाखवतात. नंदू चहाबरोबर जुने किस्से सांगत नाही. दर सोमवारी काटा धुतो आणि स्वतः वर उभा राहतो.

जून महिन्यात फुंकनळी परत मिळाली. आता ती अंदाज मनातच ठेवते, औषध हलक्या बाजूने भरते आणि प्रत्येक जनावर काट्यावर दोनदा ठेवते, दुसऱ्या वेळी पत्रा पुसून. वेळ लागतो. तिच्या हाताखालची माणसं कुरकुरतात.

मादी सोडल्यानंतर नवव्या दिवशी नंदूने कपारीपासून दीड किलोमीटर आत लावलेल्या कॅमेऱ्यात तिचा फोटो आला. हेमांगी तो घेऊन गुरुवारी आईकडे गेली. मीही गेले होते. गुरुवार मीही पाळते, मासे घ्यायचे नव्हते, फोटो बघायचा होता.

द्रौपदीबाईंनी हात पदराला पुसले आणि मोबाईल लांब धरला. पुढे आई, तिच्या शेपटीमागे एक पिल्लू, कान मोठे, पाय बारीक.

"दोन होती ना?"

"पावलं दोघांची होती," हेमांगी म्हणाली.

"आन आता?"

"एवढंच आहे, आये."

द्रौपदीबाईंनी फोटो आणखी थोडा वेळ बघितला. मोबाईल परत दिला. पाटीतल्या मासळीवर पाणी मारलं आणि म्हणाल्या, "मंगळवारीच काटा धुवायला हवा व्हता."

"हो," हेमांगी म्हणाली, आणि चहा सांगायला उठली.